सत्यवानाचं उलटं गाऱ्हाणं

देवबागातल्या सत्यवानाला देवानं तोंड दिलं, पण ते कुठं मिटावं ही अक्कल द्यायची राहून गेली. आमच्याकडे देवाला गाऱ्हाणं घालतात. एक जण मागणं मागतो आणि प्रत्येक मागण्याला बाकीचे ‘व्हय म्हाराजा’ म्हणतात. सत्यवान लग्नाबिग्नात खोटं गाऱ्हाणं घाली. “बा देवा म्हाराजा, ह्या नवऱ्याक बंगलो दी, गाडी दी, सोन्याचो पलंग दी!” लोक ओठ दाबून गप्प, कारण मजा शेवटी. “आणि ह्या जमणा नसात, तर आजचे वडे तरी कमी पडाक नको!” मग मांडव हादरायचा, “व्हय म्हाराजा!” आधी तोंड उघडेल तो येडो, हे वाडीला त्यानंच शिकवलेलं.

गेल्या वादळात त्याचा एकुलता एक झील दत्तप्रसाद बोटीवर होता. बोट उलटली. बाकीचे खलाशी पोहत आले, दत्तू आला नाही. गस्तीच्या बोटी शोधून दमल्या. शेवटी त्याची बायको सीता म्हणाली, “जगाची गाऱ्हाणी घातलात, आता आपल्या झिलासाठी घाला.” आता गाऱ्हाण्याला गावाची साथ हवीच, एकट्याचं देव ऐकत नाही म्हणतात.

अख्खी वाडी किनाऱ्यावर जमली. सत्यवानानं नारळ हातात धरला.

“बा देवा म्हाराजा, माझ्या दत्तूक जितो घराक हाड!” जिवंत घरी आण, एवढंच त्याचं मागणं.

कोणी बोलेना. माणसं वाईट नव्हती हो! बायका पदरानं डोळे पुसत होत्या. पण ओठ सवयीनं मिटलेले.

“जितो हाड रे म्हाराजा! हवा तर माका ने!”

तरी सगळे गप्प. साथ नाही म्हणजे देवाकडे काही पोचतच नाही! सत्यवान भेदरला, आणि मेली ती जीभ आपल्या जुन्या वाटेनं धावली.

“आणि ता जमणा नसात, तर त्येचो देह तरी किनाऱ्याक लाय!”

“व्हय म्हाराजा!” सगळी वाडी एका दमात गरजली.

आपण काय मागून बसलो ते कळलं तेव्हा बायकांनी तोंडावर हात घेतले. सत्यवान नारळ टाकून लाटांत धावला. “नाय म्हाराजा! ता नको! माका जितो होयो!” छातीभर पाण्यात उभा राहून तो मागं वळून लोकांकडे बघत राहिला.

गाऱ्हाण्यात ‘नाय’ला साथ कशी द्यायची, ते कुणालाच ठाऊक नव्हतं. सीता तेवढी त्याच्यामागून पाण्यात शिरली आणि किंचाळली, “नाय म्हाराजा!”