साहेबांच्या शर्टांवरचे ठिपके

मावशींच्या लाँड्रीला पाटी नव्हती. गल्लीच्या तोंडाशी एक खोली, आत दोन हौद आणि इस्त्रीचं टेबल, मागच्या मोकळ्या जागेत सहा दोऱ्या. मावशी धुणार, काका इस्त्री करणार, हा तीस वर्षांचा शिरस्ता. कपड्याच्या बाबतीत मावशी भलत्या मानी. डाग निघाला नाही तर त्या जेवायला बसत नसत आणि नवऱ्यालाही बसू देत नसत.

दोऱ्यांमागे भिंत आणि भिंतीपलीकडे लोखंड वितळवण्याचा कारखाना. भट्टी पेटली की गल्लीभर काळी पूड बसे. काकांचा खोकला तर बारा महिने मुक्कामालाच होता. आणि गंमत बघा, त्याच कारखान्याचे गणवेश नि मॅनेजरसाहेबांचे पांढरे शर्ट मावशींकडेच धुवायला येत. निम्मं पोट त्यावर चालायचं.

साहेब शिस्तीचे. शर्टावर ठिपका दिसला की तो परत यायचा, सोबत तारखेसकट चिठ्ठी: ‘काळे ठिपके. पुन्हा धुवा.’ खाली सही. मावशी पुन्हा धूत आणि चिठ्ठी खिळ्याला टोचून ठेवत. चार वर्षांत खिळा भरून गेला.

पुढे गल्लीतल्या निवृत्त शिक्षिकेनं, सगळे त्यांना बाईच म्हणत, शेजाऱ्यांच्या वतीनं कोर्टात अर्ज केला: कारखान्याच्या परवान्याचं नूतनीकरण थांबवा. कारखान्याचं उत्तर, आमचा धूर गल्लीत येतच नाही. तपासणीची माणसं कळवून यायची आणि त्या दिवशी भट्टी अगदी गरीब गाय होऊन बसायची. आता पुरावा आणायचा कुठून? बाई लाँड्रीत कपाळाला हात लावून बसल्या असताना त्यांची नजर खिळ्याकडे गेली.

“मावशी, हे काय हो?”

“साहेबांची बोलणी.”

दोन चिठ्ठ्या वाचल्या आणि बाई ताडकन उठल्या. कारखाना जे नाकारत होता, ते त्याच्याच मॅनेजरनं सहीनिशी लिहून दिलं होतं!

काका मात्र घाबरले. “पाण्यात राहून माशाशी वैर करू नये म्हणतात. काम गेलं तर खायचं काय?”

“आणि तुमची छाती गेली तर?” असं म्हणत मावशींनी सगळ्या चिठ्ठ्या बाईंच्या हाती दिल्या.

मावशींच्या साक्षीच्या आदल्या दिवशी साहेब स्वतः लाँड्रीत हजर. “मावशी, फक्त एवढंच सांगा, साबण हलका होता म्हणून ठिपके राहिले. मग अख्ख्या ऑफिसचे कपडे तुमच्याकडे.” ते गेले तरी काका आशेनं बायकोकडे बघत राहिले. मावशी कॉलर घासत होत्या.

कोर्टात कारखान्याच्या वकिलांनी तेच काढलं. “म्हणजे तुम्ही कपडे नीट धूत नव्हता. हो की नाही?”

एका ‘हो’वर पोट वाचत होतं. मागच्या बाकावर काका खाली मान घालून बसले होते. मावशींचे कान लाल झाले.

“नाही,” त्या म्हणाल्या. “माझ्या हौदातून शर्ट पांढराच निघतो. काळा होतो तो दोरीवर. मॅनेजरसाहेबांना सांगितलं, तर म्हणाले, दोरी हलवा. सहा वेळा हलवली. आता काय गल्ली हलवू?”

न्यायाधीशही हसले, आणि त्यांनी ते लिहून घेतलं.

धूर गाळण्याचं यंत्र बसेपर्यंत नूतनीकरण थांबलं. त्याच संध्याकाळी कारखान्याचा माणूस येऊन सगळे गणवेश घेऊन गेला, अर्धे तर ओलेच. मावशींनी ते पिळून, घडी घालून दिले. भलेभले माघार घेतात तिथं ही मावशी उभी राहिली आणि वर घडीही घालून दिली. हिला काय म्हणावं!

सकाळी उठून पाहतात तर काका घरात नाहीत. शोधत मावशी मोठ्या रस्त्यापलीकडे गेल्या. काका खोकत खोकत दारोदार कपडे मागत होते. एका दारातल्या बाईनं विचारलं, “धुणं कसं असतं तुमच्याकडचं?”

काकांनी ताठ होऊन सांगितलं, “माझ्या बायकोचं? कोर्टात नोंद आहे. जाऊन विचारा.”