पदराखालचे हात

कॅमेरा थांबला की बाई आधी दोन्ही हात पदराखाली घ्यायच्या. मुकुट नंतर, पाठीला बांधलेले लाकडी हात त्याच्याही नंतर. "वहिनी, आधी मला झाका," मला म्हणायच्या.

तुम्हीही त्यांना पाहिले असेल. आधी जत्रेत विकायच्या सीडीवर आणि आता मोबाइलवर, देवीच्या सिनेमात आशीर्वादाचा हात वर करून उभ्या असतात, त्याच. गेवराईला त्या आमच्या शेजारी राहायच्या. त्यांचे देवीचे कपडे मी शिवायचे. कुणी पाया पडायला वाकले की त्या मागे सरकायच्या. "मी नटी हाय, बाई. पोटासाठी करते."

उकडलेल्या अंड्यांवर त्यांचा भारी जीव. पण देवी अंडी खाताना दिसू नये, अशी निर्मात्याची तंबी. मग मी अंडी आणायचे आणि दार लावून आम्ही दोघी खायचो. टरफले माझ्या घरच्या केरात. तेव्हा या सगळ्याचे हसू यायचे.

धर्मापुरीच्या देवळापाशी शूटिंग चालू असताना एका मेंढपाळ बाईने साप चावलेली लेक त्यांच्या पायांवर आणून ठेवली. मी नटी आहे, हे सांगून झाले. दवाखान्यात न्या, हेही झाले. ती हलेना. तेव्हा बाईंनी सिनेमातला आवाज काढला. "ऊठ! दवाखान्यात जा. मी तिथं हाय."

ती पळाली. पोरगी वाचली. सगळ्यांनी पेढे खाल्ले, बाईंचा पेढा हातातच राहिला. "वहिनी, लई वंगाळ झालं. आता लोक दवाखाना सोडून माझ्याकडं येतील."

आलेच. उमापूरची एक आई तापाने फणफणलेले पोर दवाखान्यातून उचलून थेट दारात घेऊन आली. त्याच्या हाताला सलाईनची सुई चिकटपट्टीसकट तशीच होती.

"परत जा! मी तिथंच हाय," बाई त्याच आवाजात म्हणाल्या.

"तिथं बघितलं, आई. तू न्हाईस तिथं."

बाई आत धावल्या, अंडे घेऊन आल्या आणि तिच्यासमोर त्याचा मोठा घास घेतला. "बघ! देवी अशी खाती का?" तिने हात जोडले. त्यांच्या हातातला उरलेला तुकडा घेतला आणि प्रसाद म्हणून पोराच्या ओठांना लावला.

मग बाईंनीच पोराला उचलले आणि रिक्षात बसल्या. दवाखाना यायच्या आत ते त्यांच्या मांडीवर गेले.

काही दिवसांनी ती आई पुन्हा आली. आता ही डोक्यात दगड घालणार, असे मला वाटले. तिने नारळ आणला होता. "तुझ्या मांडीवर गेलं, आई. सोनं झालं लेकराचं."

ती गेल्यावर बाई भिंतीला टेकून बसल्या. "एक शिवी तरी द्यायची हुती, वहिनी."

दुसऱ्या दिवशी त्यांच्या घराला कुलूप होते. कुठे गेल्या, मला ठाऊक नाही. मोबाइलवर त्यांचा हात अजून वर आहे.

आज सकाळी त्या बंद दारापाशी एक बाई बसलेली दिसली. मांडीवर लेकरू, अंग चुलीसारखे तापलेले.

"त्या न्हाईत आता इथं. दवाखान्यात जा," मी म्हणाले.

"तुमी त्यांच्या जवळच्या ना? मग तुमीच हात ठिवा."

मी दोन्ही हात पदराखाली घेतले आणि रिक्षासाठी ओरडत सुटले.