कोपऱ्यापर्यंतची पावलं

चुका शोधणं हे माझं पोटापाण्याचं काम आहे. मँचेस्टरच्या एका कंपनीत मी सॉफ्टवेअर टेस्टर आहे. लोकांचं कुठे बिनसणार हे आधीच ओळखायचे मला पैसे मिळतात. आणि तरी शेजारच्या बाई माझ्या डोळ्यांदेखत चुकल्या आणि मी ठोंब्यासारखी बघत उभी राहिले. ह्याचा मला अजूनही राग येतो, म्हणून आधी तेच सांगून टाकते.

बाई मूळच्या पूर्व जर्मनीच्या, आता ऐंशीला टेकलेल्या. बर्लिनची भिंत पडायच्या जेमतेम दोन महिने आधी हंगेरीमार्गे निसटल्या, पुढे एका इंग्रज माणसाशी लग्न करून इथे आल्या, आणि तो गेल्यापासून आमच्या शेजारच्या घरात एकट्या राहतात. शनिवारी दुपारी त्या माझ्याकडे चहाला येतात. आल्याचा चहा त्यांना आवडतो, माझी चकली आवडत नाही, आणि तसं त्या तोंडावर सांगतात. म्हणूनच आमचं जमलं.

माझे बाबा पुण्यातले पक्के लाल बावट्याचे. आमच्या घरी सोव्हिएत मासिकं यायची, आणि त्यांचा कागद असा गुळगुळीत की शाळेच्या सगळ्या वह्यांना त्याचीच कव्हरं. भूगोलाच्या वहीवर ट्रॅक्टर, गणिताच्या वहीवर गालात हसणारी गवळण. ‘तिकडे झाडून सगळे मतदान करतात,’ बाबा म्हणायचे, ‘आणि आपले लोक सुट्टी मिळाली की लोळतात.’ हे मी एकदा बाईंना सांगितलं तर त्या इतक्या हसल्या की चहा बशीत सांडला.

‘बरोबर सांगायचे तुझे बाबा. आम्ही झाडून सगळे जायचो,’ त्या म्हणाल्या. मग टेबलावरचं माझं गॅसचं बिल उचललं, त्याची घडी घातली, पुन्हा एकदा घातली आणि पावाच्या डब्यात टाकलं. ‘झालं मतदान. नावं आधीच छापलेली, सगळी एकाच यादीत. खूण करायचीच नाही. घडी घालायची, पेटीत टाकायची, घरी जायचं.’

‘आणि कुणाला नको म्हणायचं असेल तर?’

‘पडदा लावलेला एक कोपरा असायचा. आत पेन्सिल. पण त्या कोपऱ्याकडे चालत गेलं की सगळं सभागृह पाठीकडे बघायचं. दुसऱ्या दिवशी कामावर कुणीतरी विचारायचं.’

एकदा त्या त्या कोपऱ्याकडे निघाल्या होत्या. तीन पावलं टाकली. मग आठवलं की धाकट्या भावाचा कॉलेजचा प्रवेश अजून व्हायचाय. वळल्या, कागदाची घडी घातली आणि पेटीत टाकली. हे सांगताना त्या हसल्या नाहीत.

इथे येऊन पस्तीस वर्षं होत आली तरी बाईंनी कधी मत दिलं नव्हतं. जर्मन पासपोर्टवर कौन्सिलला, म्हणजे इथल्या नगरपालिकेला, देता आलं असतं, पार्लमेंटला नाही, पण ‘मला अर्धं मत नको’ म्हणून त्या रुसून बसल्या होत्या. मी भारतीय पासपोर्टवाली, पण कॉमनवेल्थच्या कृपेने मला मात्र पार्लमेंटलाही मत. ह्यावरून त्यांनी माझे कान किटवले होते. शेवटी त्यांनी नागरिकत्व घेतलं. इतक्या उशिरा कशाला हा उपद्व्याप, असं मी विचारलं. त्या म्हणाल्या, ‘मरायच्या आत एकदा मला ती पेन्सिल हातात घ्यायची आहे.’ त्यात गंमत नव्हती. मला कळलं.

पार्लमेंटची निवडणूक लागली तेव्हा माझाच उत्साह उतू चालला होता. प्राथमिक शाळेच्या हॉलमध्ये केंद्र होतं. वाटेत मी अखंड बडबडत होते. पासपोर्ट घेतलात ना, चष्मा घेतलात ना, घाई करू नका. बाईंनी चांगला निळा कोट घातला होता.

टेबलावरच्या मुलीने त्यांचं नाव खोडलं, मतपत्रिका दिली. मी मागेच, पासपोर्टवरच्या फोटोशी माझं तोंड जुळवून घेत होते. बाईंनी कागदाची घडी घातली. पुन्हा एकदा घातली. आणि सरळ पेटीकडे गेल्या.

मी बघितलं. तोंड उघडलंसुद्धा. पण डोक्यात आलं, मतदान गुप्त असतं, दुसऱ्याच्या मतात आपण नाक खुपसू नये. एवढ्या विचारात वेळ गेला आणि कागद आत पडला.

बाई समाधानाने वळल्या. तेव्हा त्यांना भिंतीशी ओळीने मांडलेल्या लाकडी खणांमध्ये पेन्सिलीने खुणा करणारी माणसं दिसली. त्यांचा चेहरा असा उतरला की मला बघवेना. मी केंद्रप्रमुखांना गाठलं. गृहस्थ सज्जन होते, पण म्हणाले, ‘एकदा पेटीत गेलं की गेलं. मला काहीच करता येत नाही.’

बाहेर शाळेच्या बुटक्या कठड्यावर बाई बसून राहिल्या. ‘माझ्या हातांनी केलं,’ एवढंच म्हणाल्या. मी माझं मत देऊन आले आणि शेजारी बसले. जगभरचे सल्ले दिले आणि नेमकं जे सांगायचं तेच राहिलं. कारण ते सांगायचं असतं हेच माझ्या टाळक्यात आलं नाही.

त्या रविवारी बाबांना फोनवर सांगितलं. मला वाटलं होतं, आता भाषण ऐकावं लागणार. ते म्हणाले, ‘त्यांना म्हणावं, मत द्यायला परत जा.’ आणि थोडं थांबून, ‘माझा नमस्कार सांग.’ मला बाबांचा फार अभिमान वाटला.

परत जायची संधी आली ती अगदीच किरकोळ. आमच्या भागातल्या कौन्सिलरने राजीनामा दिला आणि पोटनिवडणूक लागली. बाहेर भुरभुर पाऊस, दाराशी बांधलेलं एक ओलं कुत्रं, आत चार टाळकी. अर्ध्या मताबद्दल बाई काही बोलल्या नाहीत आणि मीही काढलं नाही. ह्या वेळी वाटेत एकदाच सांगितलं, आधी पेन्सिल.

मतपत्रिका हातात आल्यावर त्यांनी ती दोन्ही हातांत सपाट धरली, भरलेलं ताट न्यावं तशी, आणि खणाकडे निघाल्या. एक, दोन, तीन पावलं. तिथे थांबल्या. त्यांनी मान वळवून हॉलमध्ये नजर टाकली. टेबलावरची मुलगी बिस्किट खात होती. केंद्रप्रमुख फोनमध्ये. त्यांच्याकडे कुणीही बघत नव्हतं. बाई पुढे गेल्या.

आत त्या इतका वेळ होत्या की माझं मत देऊन मी दाराशी उभी राहून कंटाळले. मग त्या आल्या, घडी घातलेला कागद पेटीत टाकला आणि माझा हात धरून बाहेर पडल्या.

आमच्या घरी मतदानाच्या दिवशी कुणी कुणाला मत दिलं ह्यावर जेवणात भांडणं व्हायची. त्यामुळे मी अगदी सहज विचारलं, ‘मग, कुणाला दिलंत?’

बाई रस्त्यातच थांबल्या. माझ्याकडे बघितलं. आधी डोळे भरून आले, मग त्या हसायलाच लागल्या.

‘नाही सांगणार,’ त्या म्हणाल्या. ‘तुलासुद्धा नाही.’