विहिरीवरची आत्या

माझी आत्या सिनेमात हडळ व्हायची. एकदा नाही, कायमच. तोंडाला चुन्यासारखा लेप, मोकळे केस, पांढरी साडी आणि किंकाळी दुसऱ्याच बाईची. त्यामुळं आमच्या घराण्यातली एकुलती एक नटी कुणाला ओळखूच यायची नाही. वर्गात मी मोठ्या तोऱ्यात सांगितलं, तर पोरं म्हणाली, "तुला तर लेपाची बी गरज न्हाई."

पुढं ती आमच्या गावी, सेलूला, कायमची परत आली. गल्लीतल्या आया किरकिरी लेकरं तिच्यापुढं आणून ठेवायच्या. "तुमीच दृष्ट काढा, आत्याबाई. तुमाला बघून दुसरं काय बी जवळ यायचं न्हाई." आत्या हसत हसत मीठमोहऱ्या ओवाळायची.

तिला हुरहूर एकाच गोष्टीची होती. एका सिनेमात हडळ होण्याआधी ती नवी नवरी होती. विहिरीवर कळशी भरते, मागं वळून हसते. सबंध आयुष्यात पडद्यावर स्वतःचा चेहरा तेवढाच. मुंबईत त्या सिनेमाच्या पहिल्या खेळाला तिला कुणी बोलावलं नव्हतं. सिनेमा परभणीला लागला, तेव्हा सुट्टीला आलेली आत्या नवी साडी नेसून आम्हा सगळ्यांना घेऊन निघाली. पण आमचं घर म्हणजे! आजोबांचा चष्मा सापडेना, काकूनं निघता निघता शेजारणीसाठी चहा टाकला, एसटी गेली. टॉकीजमध्ये शिरलो तर आत्या मरून विहिरीत तरंगत होती. दुसऱ्या दिवशी शुक्रवार, सिनेमाच बदलला.

इतक्या वर्षांनी तो मला मोबाइलवर सापडला. आत्या चष्मा पुसून शेजारी बसली. सिनेमा सुरू झाला तो थेट तरंगणाऱ्या साडीपासून. सुरुवात कुणी चढवलीच नव्हती.

"आपल्याला पुन्हा उशीर झाला का रे?"

"तसंच दिसायलंय, आत्या."

ती उठली. कोपऱ्यातली कळशी घेऊन अंगणातल्या नळापाशी गेली, कमरेवर घेतली आणि मागं वळून हसली. पदर जागचा हलला नाही.

"असं व्हतं बघ," म्हणाली.

मोबाइल माझ्या हातातच होता, पण मी खुळ्यासारखा बघत राहिलो. भान आल्यावर म्हणालो, "आणखी एकदा कर की."

"आता कंबर दुखायलीय. उद्या."

तो उद्या उजाडला, पण कंबरेनं तिला उठू दिलं नाही. पुढं दवाखाना झाला, आणि आत्या गेली.

तो सिनेमा मी अजून लावतो. लावायच्या आधी जरा वेळ अंगणातल्या नळासमोर नुसताच येऊन बसतो. आमच्या घरात एवढ्या लवकर आजवर कुणी कुठं पोचलेलं नाही.