बोका घरी पोचेपर्यंत

"दमलाय बिचारा. बसू द्या त्याला जरासक."

असं म्हणून काका हातातला व्हिडिओ गेमचा रिमोट सतरंजीवर ठेवायचे आणि टीव्हीकडे पाहत स्वस्थ बसायचे. पडद्यावरचा बोका आधी नुसता उभा राहायचा. मग इकडेतिकडे बघायचा, मग मोठी जांभई द्यायचा आणि शेवटी भिंतीला टेकून खाली बसायचा. बराच वेळ बटण दाबलं नाही की तो असं करतो, एवढीच त्यातली गोष्ट. पण काकांच्या लेखी तो दमलेला असायचा आणि दमलेल्याला उठवायचं नाही, असा त्यांचा नियम होता. बोक्याची जांभई झाल्याशिवाय ते पुढची गल्ली सुरू करत नसत.

मी वाळूजच्या एका कंपनीत खरेदी विभागात काम करते. संध्याकाळी कंपनीची बस गारखेड्यात सोडते, तेव्हा वर जाऊन कुकर लावण्याइतकंही त्राण अंगात नसतं. आमच्या इमारतीच्या तळमजल्यावर काकांचं घर. दार कायम उघडं, आतून त्या खेळाचं टिंगटिंग गाणं आणि पाठोपाठ हाक, "या ताई, टेका." दिवसभरात मला कुणी टेका म्हणायचं ते तेवढंच. मी पर्स मांडीवर घेऊन बसायचे आणि बोका, काका आणि मी असे तिघं काही वेळ कुणाशी काही न बोलता दम खायचो.

असं एखादं माणूस तुमच्याही इमारतीत असेल. लोक त्याला थोडं हसतात, पण त्याच्या दारात थांबतात. काका सरकारी कचेरीतून निवृत्त झालेले. सगळी नोकरी रेकॉर्ड रूममध्ये आणि बदल्यांत गेली. लेक लहान असताना तिच्यासाठी शहागंजच्या बाजारातून हा टीव्हीवरचा खेळ आणला होता. लेक महिन्याभरात कंटाळली, मोठी झाली, बेंगलोरला नोकरीला गेली. खेळ बापाकडे राहिला. कचेरीच्या खणातही त्यांचा तळहाताएवढा एक खेळ असायचा म्हणे. त्यात कार्टूनमधली एक कोंबडी पिल्लांना रस्ता ओलांडून न्यायची. पण तिच्यावर त्यांचा जीव नव्हता. "ती दमतच नाय," म्हणायचे.

हा बोका म्हणजे पूर्वी रविवारी सकाळी टीव्हीवर लागायच्या त्या कार्टूनमधलाच. तिकडे त्याची विजार लाल होती, काकांच्या नकली कॅसेटमध्ये ती निळी झाली होती. याबद्दल ते शहागंजातल्या दुकानदाराला अजून नावं ठेवत. त्या कॅसेटच्या यादीत शेकड्यांनी खेळ होते आणि कुठलाही उघडला तरी फिरून फिरून पाच-सहाच निघायचे. हा बोका तर कितीतरी नावांनी हजर होता. "फाईल एकच, कव्हरं बदललेली," काका म्हणायचे. "आमच्या हाफिसातलाच माणूस बसला असंल हे करायला."

आता त्यांची खरी ओढ सांगते. कार्टूनच्या प्रत्येक भागात शेवटी घरची बाई बोक्याला मानगुटीला धरून बाहेर काढायची, दार लावून घ्यायची, आणि बोका पायरीवर बसून राहायचा. खेळात तो गल्ल्या, छपरं, बाजार असं करत करत त्याच घराकडे निघालेला असतो. काका एकदाच, फार वर्षांपूर्वी, त्या पायरीपर्यंत पोचले होते.

"पायरीवर पाय ठेवला आन् लाईट गेली बगा," ते सांगत. लाईट गेली की या खेळात सगळं गेलं, पुन्हा पहिल्या गल्लीपासून. "कार्टूनात तर त्याला रोजच हाकलत्यात. हितं तरी दार उघडत असंल की नाय? एकदा त्याला आत गेलेलं बघायचंय. मंग मी मोकळा."

लेकीनं उन्हाळ्यात पंख्यासाठी म्हणून इन्व्हर्टर बसवून दिला. काकांनी त्याच दिवशी पंखा काढून टीव्ही जोडला. काकू घामाघूम होऊन वर आमच्याकडे येऊन बसल्या आणि म्हणाल्या, "लग्नाला मी ह्यांना हो म्हणले होते. बोक्याला कधी म्हणले?"

मग काकांचा बोका मरायला लागला. शेवटच्या काही गल्ल्यांत उजव्या कडेनं एक कुत्रं धावत येतं, त्याच्यावरून उडी मारायची असते. पूर्वी काका ती बोलता बोलता मारायचे. आता कुत्रं यायचं आणि बोका आडवा. "कॅसेट बिघडलीय," काकांनी जाहीर केलं. "कुत्रं न सांगता येऊ लागलंय. कडेनं येतच नाय, एकदम मधीच उगवतं." त्यांनी कॅसेट काढून फुंकर मारली, सदऱ्यानं पुसली, उन्हात ठेवली. शेवटी एका सुट्टीच्या दिवशी मला बरोबर घेऊन ते शहागंजात तक्रार करायला गेले.

दुकानदार ओळखीचा. हे दुकान आता मोबाईलच्या कव्हरांचं झालं होतं, तरी त्यानं माळ्यावरून खेळाचा जुना डबा काढून टीव्हीला जोडला आणि कॅसेट लावली. "कायकू इसके पीछे पडे काका, फेक दो ना," असं म्हणत तो स्वतः खेळायला बसला. कुत्रं आलं. उजव्या कडेनं, सरळ, चांगलं भुंकत आलं. त्यानं उडी मारली.

"आता बगा, कसं मधीच उगवलं!" काका म्हणाले.

दुकानदारानं माझ्याकडे पाहिलं आणि मी त्याच्याकडे. पुन्हा कुत्रं आलं, पुन्हा काका तेच म्हणाले. दुकानदारानं कॅसेट काढून अगदी हळू त्यांच्या हातात ठेवली. "काका, कैसेट बराबर है. तुम आँखां दिखा लेव." परतीच्या रिक्षात काका कॅसेट सदऱ्यानं पुसत राहिले. मला तर तोंड कुठे लपवावं असं झालं होतं.

उस्मानपुऱ्यातल्या डॉक्टरीणबाईंनी काचबिंदू सांगितला. नजर कडेकडेनं आत मिटत आली होती. गेलेली परत येणार नव्हती, उरलेली थेंबांवर टिकवायची होती. थेंब नियमानं घातले, ऑपरेशन झालं, पण उरलेलीही टिकली नाही. पुढच्या दिवाळीपर्यंत काकांना उजेड आणि अंधार एवढंच कळू लागलं. ते बोक्याबद्दल बोलायचे बंद झाले. मी संध्याकाळी यायचे तेव्हा दार उघडं असायचं, हाकही यायची, पण टीव्ही बंद असायचा. त्या शांततेत बसण्यापेक्षा चार जिने चढणं मला सोपं वाटायचं, तरी मी बसायचे.

आणि एक दिवस गाणं पुन्हा ऐकू आलं. आत पाहते तर सतरंजीवर काकू, पदर खोचून, हातात रिमोट.

"आता डबा येईल. त्याच्यावर चढ," काका डोळे मिटून सांगत होते. "आता पायाखाली दांडी. पळ. पळ की!"

"पळू लागले न! एका बोटानं कुठं कुठं दाबू?"

काकांना सगळा रस्ता पाठ होता. कुठल्या सुरावर कुठलं छप्पर, कुठे थांबायचं, कुठे उडी. डोळे काकूंचे, हात काकूंचे, वाट काकांची. काकूंना त्या खेळाची एका पैची आवड नव्हती. भाजी निवडून झाली, नळाचं पाणी भरून झालं की त्या सक्तीची कवायत असल्यासारख्या येऊन बसत. अंगठ्यांना बाम लावून खेळत. पण मधे थांबून बोक्याला जांभई मात्र देऊ द्यायच्या. "दिली का?" काका विचारायचे. "दिली. आता मला येऊ लागलीय," काकू म्हणायच्या.

याच सुमारास मी बसमध्ये बसल्या बसल्या मोबाईलवर या खेळाचा शोध घेतला आणि घेतला नसता तर बरं झालं असतं. मूळ खेळात शेवट होता. बोका घरात जातो, चुलीपाशी झोपतो. पण स्वस्तातल्या नकली कॅसेटींमध्ये जागा वाचवायला तो शेवट कापून टाकलेला होता. दारापर्यंत गेलं की खेळ गुपचूप पुन्हा पहिल्या गल्लीपासून सुरू होतो. काकू नळाचं पाणी भरत असताना मी त्यांना गाठून हे सांगितलं. त्यांनी भरत आलेली बादली बाजूला ओढली.

"त्यांना नका सांगू," एवढंच म्हणाल्या.

मला वाटलं, आता त्या खेळणं सोडतील. त्या आणखी नेटानं बसू लागल्या.

मग एका संध्याकाळी मी तिथे बसले होते. काकू शेवटच्या गल्लीत पोचल्या होत्या. "कुत्रं," काका म्हणाले. "थांब. थांब. आता!" काकूंनी रिमोटसकट स्वतःच उडी मारली. बोका कुत्र्यापलीकडे गेला, पायरी चढला, दारापाशी उभा राहिला. पडदा काळा झाला. आणि मग तीच पहिली गल्ली, तोच कचऱ्याचा डबा, तोच निळ्या विजारीतला बोका. गाणं वाजू लागलं.

काकूंनी माझ्याकडे पाहिलं. त्यांचा चेहरा घामानं भिजला होता.

"उघडलं हो दार," त्या म्हणाल्या. "गेला आत."

काकांनी मान वर केली. "गेला?"

"व्हय. बाईनं दूध ठेवलंय त्याच्यापुढं."

"कशात?"

"वाटीत. स्टीलच्या. आपल्यासारख्याच."

काका हसले. किती दिवसांनी हसताना पाहिलं मी त्यांना. "बंद कर मंग," म्हणाले. "झोपू दे त्याला." काकूंनी बटण बंद केलं आणि तिथेच सतरंजीवर आडव्या झाल्या.

नंतर कधीतरी, काकू पाण्याच्या गडबडीत बाहेर असताना, काकांनी मला जवळ बोलावलं. "ताई, ते पहिल्या गल्लीचं गाणं होतं न?"

मी बाहेर नळाकडे पाहिलं.

"एवढी वर्षं ऐकलंय. झोपेत वाजलं तरी वळखीन." ते हळू आवाजात बोलत होते. "लई दमली होती हो ती. श्वास ऐकू येत होता मला. त्यात कधी खोटं न बोलणारी बाई, माझ्यासाठी वाटीसकट बोलली. आता तिला म्हणू, की पुन्ना खेळ? आन् खेळून तरी काय, त्यात दारच नसंल तर?" मग माझ्याकडे तोंड करून म्हणाले, "तिला बोलू नका बरं का."

मी मान हलवली. मग लक्षात आलं, त्यांना दिसत नाही. "नाही सांगणार," मी म्हणाले.

काका गेल्या हिवाळ्यात गेले. दुपारी झोपले ते उठलेच नाहीत. त्यानंतर कितीतरी दिवस मी त्या दारावरून खाली मान घालून जिना चढत होते. दोघांनी एकमेकांसाठी घेतलेलं ओझं माझ्याकडे ठेवायला दिलं होतं आणि दिवसभराच्या कामानंतर ते मला खरंच जड व्हायचं.

लेक काकूंना बेंगलोरला घेऊन जायला आली. आदल्या दिवशी मी मदतीला खाली गेले. काकू भांड्यांच्या खोक्याला दोरी बांधत होत्या. लेक आत फोनवर बोलत होती. काकूंनी एकदा आत पाहिलं आणि आवाज खाली आणला.

"ताई, खरं सांगा. त्यांना कळलं तर नव्हतं न? बोक्याचं?"

"नाही काकू," मी म्हणाले. "अजिबात नाही. खूश होते ते."

त्यांनी मोठा श्वास सोडला. "जिवाला लई लागून राहिलं होतं. आंधळ्या माणसाला फसवलं म्हणून. उभ्या संसारात तेवढं एकच खोटं बोलले बगा त्यांच्याशी."

दोरी त्यांच्या हातातून सुटत होती. मी खाली बसले आणि गाठ पक्की बसावी म्हणून तिच्यावर बोट धरलं.