तीस जोड्यांचा तक्ता

इस्पितळाच्या धुलाईखान्यात मी सुपरवायझर होतो. शाळेत एकदा गणितात पैकीच्या पैकी मिळाले होते. तेव्हा डोक्यात शिरलेली हवा अजून पुरती निघालेली नाही. हाताखाली सहा बायका. त्यांतली थोरली बावीस वर्षं तिथेच. थोरली म्हणायचं, कारण तिची धाकटी जाऊही तिथेच कामाला. सासूच्या आजारपणात कोणी किती केलं यावरून दोघींचा नऊ वर्षं अबोला. थोरली चादरीवरून नुसता हात फिरवून सांगायची, ही आणखी दोन धुण्यांत फाटेल. तशी ती फाटायचीच.

मोठ्या चादरींची घडी घालायला रोज एकच जोडी लागायची, दोघी समोरासमोर. ठरलेल्या जोड्या मोडून प्रत्येकीला प्रत्येकीबरोबर उभं करायचं, असं माझ्या मनानं घेतलं. सहा जणी, प्रत्येकीच्या पाच जोडीदारणी, सहा पंचे तीस. महिन्याचे दिवसही तीस! मला स्वतःचाच इतका अभिमान वाटला की तक्ता मी दोन रंगांत लिहिला.

"साहेब, तिच्यासमोर एकच दिवस उभी राहीन," थोरली म्हणाली. "दुसरा दिलात तर मी काम सोडलं म्हणून समजा."

"एकच. गणित आहे ते," मी छाती फुगवून शब्द दिला.

चार तारखेला दोघींनी छताकडे बघत दोनशे चादरींच्या घड्या घातल्या. गंगेत घोडं न्हालं, असं मला वाटलं. एकवीस तारखेला सकाळी थोरली तक्त्यासमोर थांबली.

"चार तारखेला मी आणि ती. आज ती आणि मी. यात वेगळं काय हो, साहेब?"

मी बोटांवर मोजलं. जोड्या पंधराच होत्या. प्रत्येक जोडी मी दोनदा लिहिली होती, एकदा हिच्या ओळीत, एकदा तिच्या. बाकीच्यांच्याही जोड्या परत आल्या होत्या, पण त्यांना त्याचं सोयरसुतक नव्हतं. थोरलीनं एप्रन सोडून खुंटीला अडकवला. माझी पाचावर धारण बसली. बावीस वर्षांची बाई माझ्या शहाणपणापायी चालली होती आणि "चुकलो" एवढं म्हणायलाही माझी जीभ रेटेना.

ते धाकटी म्हणाली, चादरीचं एक टोक हातात धरून.

"ताई, चुकलं माझं. आईंचं सगळं तुम्ही एकटीनं केलंत. मला त्यांना तसं बघायची भीती वाटायची, म्हणून आले नाही."

थोरली दाराशी पोचली होती, ती थांबली. मग परत येऊन तिनं दुसरं टोक उचललं.

"नीट धर. कोपरा लोंबतोय."

त्या दिवशी एकशे दहाच चादरी झाल्या, कारण मध्येच थांबून दोघी रडत होत्या. मशीन बिघडलं होतं, असं मी वर कळवलं.

पुढचा तक्ता थोरलीनं केला. पंधरा जोड्या, प्रत्येक जोडीला दोन दिवस. पहिल्याच तारखेला त्या दोघी जावा. खाली माझ्यासाठी सहीपुरती जागा सोडली होती. मी न तपासता सही केली.