वडनेरची बदली

प्रमिलाबाई समुद्रपूरच्या पुढे एका आडगावी चौथीला शिकवत. घर वडनेरला, आणि नवरा डोमाजी हिंगणघाटच्या कापसाच्या जिनिंगात कामाला. शनिवारी सकाळची शाळा सुटली की बाई एसट्या बदलत घरी जायच्या आणि सोमवारी पहाटेची गाडी धरून परतायच्या. शहात्तर साली डोमाजींना लकवा मारला. उजवी बाजू गेली. सासू आनंदाबाई थकलेल्या, त्यांच्यानं लेकाची कूसही पालटवेना. बाईंनी वैद्यकीय कारणावरून वडनेरच्या शाळेत बदली मागितली.

शिक्षण खात्याच्या कचेरीतल्या रूपराव बाबूंनी अर्ज वाचून वर पाहिलं.

“आजारी कोण? तुम्ही?”

“मी नाई. मालक.”

“मग कारण तुमचं कसं झालं?”

“त्याईले उचलाले माणूस लागते, बाबूजी. तो माणूस मीच आहो.”

बाबूंनी हे कुठं लिहिलं नाही. पेशंटला डॉक्टरांपुढे हजर करून दाखला आणा, म्हणाले. दाखल्याशिवाय अर्ज पुढे सरकत नसे आणि सही करणारे साहेब कधी दौऱ्यावर, कधी मीटिंगमध्ये.

बाईंनी आणि दीर चिंधूनं मिळून डोमाजींना एसटीच्या मागच्या बाकावर आडवं घातलं आणि दवाखान्यात नेलं. त्या दिवशी मोठे डॉक्टर रजेवर. पुढच्या महिन्यात पुन्हा तीच वरात. डॉक्टरांनी हात-पाय हलवून पाहिले आणि दाखला दिला. तो वाचून रूपराव समाधानानं म्हणाले, “यात तर लिहिलं आहे, रुग्ण प्रवास करू शकतो.”

“दोघांनी उचलून आणलं त्याईले.”

“पण आला ना? मग तुमच्या शाळेच्याच गावी काऊन नाई नेत?”

बाईंनी दाखला अर्जाला जोडून दिला आणि निघाल्या. बसमध्ये त्या वडनेर येईपर्यंत एकट्याच पुटपुटत होत्या. घरी पोचल्या, चहाही न घेता नवऱ्याला म्हणाल्या, “चला. तुम्ही प्रवास करू शकता म्हणते सरकार.”

रागारागानंच त्यांनी शाळेशेजारी खोली घेतली. आनंदाबाई चिंधूकडे राहिल्या. डोमाजींची खाट दाराशी पडली. मधल्या सुट्टीत बाई येऊन त्यांना भरवत, पाय चोळत. जाणारा-येणारा खाटेशी टेकायचा, पिकापाण्याचं बोलायचा. वडनेरात भिंतीकडे तोंड करून पडणारा माणूस इथं हळूहळू उठून बसायला लागला. वर्षभरानं काठी टेकत शाळेच्या फाटकापर्यंत जाऊ लागला.

आणि मग बदलीचा हुकूम आला. वडनेर.

“मी नाई येत,” डोमाजी म्हणाले. जीभ अजून जड होती, पण शब्द कळत होते. “तिथं कोन बोलते माह्यासंग?”

बाई पुन्हा कचेरीत गेल्या. बदली रद्द करा, म्हणाल्या.

“आजार बरा झाला?” रूपरावांनी विचारलं.

“नाई.”

“मग रद्द कोणत्या आधारावर? वैद्यकीय कारण असेल तर दाखला लागेल.”

 आयुष्यात पहिल्यांदाच बाईंना कोणाच्या तरी टेबलावरची दौत पालथी करावीशी वाटली. केली नाही. उठल्या आणि दाखला न आणताच गावी परतल्या.

आठवडा उलटायच्या आत बदली रद्द झाल्याचा कागद त्यांच्या हाती पडला. वडनेरच्या जागेवर कुण्या पुढाऱ्याची भाची यायची होती. दाखला नाही, दौरा नाही, मीटिंग नाही.

डोमाजींनी पेढे मागवले. बाईंनी एकही तोंडात घातला नाही. “इतके दिवस नाई म्हणून राह्यले,” त्या म्हणाल्या, “त्याचा एवढा राग नाई आला. हे असं झट्‌कन झालं, याचा येते.”

दोघं त्याच गावात राहिली. डोमाजी आणखी सहा उन्हाळे काढून गेले. कचेरीचा विषय निघाला की बाई आजही हातातलं काम खाली ठेवतात आणि पहिल्या अर्जापासून सांगायला लागतात.